धोका माणसात कमी, प्रसंगात जास्त: सोशल वर्करवर होणारे हल्ले आणि कामावरची सेफ्टी

त्या घरी मी आधी सहा वेळा गेले होते. सहाही वेळा तो माणूस नीट बोलला, मुलाच्या अभ्यासाचं विचारलं, एकदा तर माझी खाली पडलेली फाईल उचलून दिली. सातव्या वेळी मला त्याला सांगायचं होतं की मुलाला भेटणं पुढचे काही आठवडे बंद राहणार आहे, आणि माझं वाक्य पुरं व्हायच्या आत तो उठला, दारापाशी गेला आणि आतून कडी लावली. मारलं नाही. फारसा ओरडलाही नाही. वीस मिनिटं तो फक्त दारासमोर उभा होता आणि मी आत होते, आणि मी कुठे आहे हे ऑफिसात एकालाही माहीत नव्हतं कारण निघताना मी "जाऊन येते गं" एवढंच म्हणाले होते.

नंतर जो तो म्हणायचा, तो माणूसच तसला असणार. तसला नव्हता हो, सहा व्हिजिटा साक्षीला आहेत. बदलला होता तो प्रसंग. मी मदत करणारी बाई म्हणून जात होते आणि त्या दिवशी त्याच्याकडून काहीतरी काढून घेणारी म्हणून गेले. या कामातल्या हिंसेबद्दल एवढी एक गोष्ट कळली तरी बाकीचं बरंच आपोआप सुटतं, म्हणून सुरुवात तिथूनच करते.

सोशल वर्करच्या डोक्यावर कायम दोन टोप्या असतात. एक मदतीची: कागदपत्रं, उपचार, निवारा, समुपदेशन, पैशाची सोय. दुसरी अधिकाराची: मूल घरात सुरक्षित आहे का हे ठरवणं, कोर्टाला रिपोर्ट देणं, मनोरुग्णाला दाखल करायची शिफारस, मदत मंजूर किंवा नामंजूर. डॉक्टर, शिक्षक यांच्याकडेही थोडाफार अधिकार असतोच, पण ते त्यांच्या जागेवर बसलेले असतात आणि लोक त्यांच्याकडे येतात. आपण लोकांच्या घरात जातो, तेही बहुतेक वेळा त्यांनी न बोलावता आणि त्यांच्या आयुष्यातल्या सगळ्यात वाईट आठवड्यात. वर आपण एकटे, हातात फाईल, आणि समोरच्याला पक्कं ठाऊक की या फाईलमध्ये माझ्याबद्दल काहीतरी लिहिलंय जे मला दाखवत नाहीयेत.

कामाच्या ठिकाणच्या हिंसेचे अभ्यासक चार प्रकार मानतात. बाहेरचा कुणी चोर-दरोडेखोर, सेवा घेणारा माणूस, सहकारी, आणि कर्मचाऱ्याच्या खासगी आयुष्यातला कुणी जो कामावर येऊन हल्ला करतो. आपला मुख्य प्रश्न दुसऱ्या प्रकारचा, म्हणजे ज्याच्यासाठी काम करतो त्याच्याकडूनच किंवा त्याच्या घरच्यांकडून. अमेरिकेच्या कामगार आकडेवारीत २०१८ साली असं दिसलं की आरोग्य आणि समाजसेवा क्षेत्रातल्या लोकांना कामावरच्या हिंसेत जखमी व्हायचा धोका सगळ्या कामगारांच्या मानाने पाचपट आहे. आणि हा आकडा नोंद झालेल्या जखमांचा. शिव्या, धमक्या, गाडीचा पाठलाग, रात्री अनोळखी नंबरवरून फोन, "तुमची मुलगी कुठल्या बसने जाते माहितीये मला" असलं हसत हसत टाकलेलं वाक्य, यातलं काहीच त्यात नाही.

आता हिंसा म्हणजे नेमकं काय, यावर आपल्यातच घोळ आहे. हात उगारला तरच हिंसा असं बरेच जण धरून चालतात. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने २०१९ मध्ये कामावरची हिंसा आणि छळ यावर १९० क्रमांकाचा करार केला, २०२१ मध्ये तो लागू झाला, आणि त्याची व्याख्या वाचली की डोकं साफ होतं: शारीरिक, मानसिक, लैंगिक किंवा आर्थिक इजा करणारं वागणं आणि तसं करण्याची धमकीसुद्धा, एकदाच घडलं असलं तरी. ते फक्त ऑफिसच्या चार भिंतींत घडायला हवं असंही नाही. कामासाठीचा प्रवास, फोन, मेसेज, ऑनलाइन, सगळं धरलंय. सोबतच्या शिफारशीत जास्त धोक्याची कामं सांगितलीत त्यात रात्रपाळी, एकट्याने करायचं काम आणि समाजसेवा ही तिन्ही आहेत, म्हणजे आपण एकाच वेळी दोन-तीन खान्यांत बसतो. अर्थात एखाद्या देशाने करार मान्य केला तरच तो त्या देशावर बंधनकारक होतो, पण व्याख्या म्हणून ती कुणालाही आपल्या ऑफिसच्या पॉलिसीत घालता येते, त्याला कुणाची परवानगी लागत नाही.

मग हिंसा होते कधी? मी स्वतः एक ढोबळ यादी डोक्यात ठेवते, सगळी प्रसंगांची. मूल काढून नेण्याचा दिवस. भेट बंद केल्याचं सांगण्याचा दिवस. कोर्टाच्या तारखेचा आदला आणि दुसरा दिवस. पैसे किंवा घर नाकारल्याचं कळवणं. नवऱ्याला कळलंय की बायकोने तक्रार केली, तो दिवस. हॉस्पिटलात दाखल करायचं ठरल्यावरची भेट. आणि एक जो लोक विसरतात: केस बंद करण्याचा दिवस, कारण काही माणसांना आपण सोडून चाललोय असं वाटतं. हे सगळे दिवस आपल्याला आधी माहीत असतात, कॅलेंडरवर असतात. म्हणजे धोक्याचा बराच मोठा भाग अंदाज बांधता येण्यासारखा आहे आणि तरी आपण 'नेहमीची व्हिजिट' म्हणून एकट्याने निघतो.

२००६ साली अमेरिकेतल्या केंटकी राज्यात बोनी फ्रेडरिक नावाच्या कर्मचारी एका बाळाला आईची भेट घडवायला आईच्या घरी एकट्या घेऊन गेल्या, आणि तिथे त्यांचा खून झाला. बाळ आईपासून दुरावलेलं, ताबा हातातून चाललेला, भेट आईच्याच घरात आणि सोबत कुणी नाही, सगळे धोके एकाच दुपारी एकत्र आले होते. पुढच्या वर्षी त्या राज्यात त्यांच्या नावाने कायदा झाला आणि सुरक्षित भेटीच्या जागांची चर्चा सुरू झाली. माणूस गेल्यावर कायदा, हे सगळीकडे सारखंच दिसतं. आणि फक्त घरातच होतं असंही नाही. १९८४ मध्ये इंग्लंडमध्ये इझाबेल श्वार्झ या सोशल वर्करचा खून हॉस्पिटलमधल्या त्यांच्या ऑफिसात झाला, करणारी होती त्यांची जुनी क्लायंट. जुनी. म्हणजे फाईल बंद झाली म्हणून नातं संपत नाही. त्याच्या चौकशीचा अहवाल १९८८ मध्ये आला आणि मानसिक आजार असलेल्यांची हॉस्पिटलबाहेर काळजी कशी घ्यायची याची तिथली व्यवस्था बदलण्यामागे तोही एक धागा होता.

इथे एक गैरसमज लगेच काढून टाकते, नाहीतर वरचं उदाहरण वाचून कुणीतरी म्हणेल की मग मनोरुग्णांपासून लांबच राहावं. मनोरुग्णालयातून घरी सोडलेल्या लोकांवरचा अमेरिकेतला एक मोठा अभ्यास १९९८ मध्ये आला होता, त्यात ज्यांना दारू-ड्रग्जचा त्रास नव्हता त्यांच्याकडून हिंसेचं प्रमाण त्याच वस्तीतल्या इतर लोकांपेक्षा वेगळं दिसलं नाही. नशा जोडली गेली की दोन्हीकडे प्रमाण वाढत होतं. त्यामुळे फाईलवर निदान काय लिहिलंय यापेक्षा आज तो पिऊन आहे का, याआधी कुणाला मारलंय का, घरात हत्यार आहे का, आणि आज आपण त्याला काय सांगणार आहोत, हे चार प्रश्न जास्त कामाचे. त्यातही पूर्वीची हिंसा हा सगळ्यात भरवशाचा इशारा. आणि तो बहुतेक वेळा जुन्या फाईलच्या अकराव्या पानावर कुणाच्या तरी गिचमिड अक्षरात पडलेला असतो, जो वाचायला आपल्याला वेळ नसतो!

म्हणून पहिलं काम बॅग उचलायच्या आधीचं. फाईल वाचणं, आधी त्या घरी गेलेल्याला दोन मिनिटं फोन करणं, घरात कोण कोण राहतं आणि त्या वेळेला कोण असेल ते विचारणं, कुत्रा आहे का ते विचारणं (हसू नका, कुत्रा चावलेले सहकारी मी पाहिलेत). मग ठरवायचं की ही भेट घरी व्हायलाच हवी का, ऑफिसात किंवा एखाद्या सार्वजनिक जागी होईल का, एकट्याने की दोघांनी की पोलीस सोबत घेऊन. पोलीस नेला की विश्वास तुटतो हे खरं आहे, म्हणून तो शेवटचा पर्याय असावा, पण फक्त विश्वासापायी एकटं जाऊन मार खाल्ला तर तो विश्वास तसाही उरत नाही.

दुसरं म्हणजे आपण कुठे आहोत ते कुणाला तरी माहीत असणं. १९८६ मध्ये लंडनमध्ये सूझी लॅम्प्लू ही घरं दाखवायचं काम करणारी तरुणी एका ग्राहकाला भेटायला म्हणून गेली ती परतलीच नाही. ती सोशल वर्कर नव्हती, पण तिच्या आईवडिलांनी काढलेली संस्था आजही एकट्याने काम करणाऱ्या लोकांच्या सेफ्टीवर काम करते. तिच्या डायरीत भेटीची वेळ, ग्राहकाचं नाव आणि घराचा पत्ता लिहिलेला होता. म्हणजे नोंद होती, पण नुसत्या नोंदीने माणूस परत येत नाही. ऑफिसात एक माणूस ठरलेला हवा ज्याला माहीत आहे की ही अमुक घरी गेलीय, अमुक वाजता फोन करणार, आणि फोन नाही आला तर काय करायचं. हे शेवटचं सगळ्यात महत्त्वाचं आणि तेच कुठे लिहिलेलं नसतं. फोन नाही आला, मग? दहा मिनिटांनी मी लावणार, उचलला नाही तर अजून एकदा, मग सुपरवायझर, मग पोलीस, आणि पत्ता समोर लिहिलेला. 'अजून आली नाही वाटतं' असं म्हणून टेबल आवरून घरी जाणारा माणूस चेक-इन साठी काय कामाचा.

कोडवर्ड ठरवून ठेवा. साधं, फोनवर समोरच्याच्या देखत बोलता येईल असं वाक्य. आमच्याकडे "निळ्या फाईलमधला फॉर्म राहिलाय का बघ" असं होतं. निळी फाईल अख्ख्या ऑफिसात नव्हती.

घरापाशी पोचल्यावरच्या गोष्टी छोट्या आहेत आणि सवयीच्या आहेत. गाडी निघायच्या दिशेला तोंड करून लावायची, कुणी मागे दुसरी गाडी लावून अडवेल अशा जागी नाही. दार वाजवायच्या आधी क्षणभर ऐकायचं, आत भांडण चालू असेल तर आत जायचं नाही. वाजवल्यावर दाराच्या समोर न थांबता किंचित बाजूला. आत जाताना घरच्या माणसाला पुढे होऊ द्यायचं. म्हणजे तो आपल्या आणि दाराच्या मध्ये येत नाही. खोल रुतणाऱ्या सोफ्यावर बसायचं नाही, उठायला वेळ लागतो, खुर्ची दाराजवळची. स्वयंपाकघरात बोलणं टाळायचं, तिथे सुऱ्या आणि उकळतं काहीतरी हाताशी असतं. ओळखपत्राची दोरी ओढली की सुटणारी हवी, कारण गळ्यातली घट्ट दोरी म्हणजे आपणच त्याच्या हाती दिलेलं दावं. फोन बॅगेत नाही, अंगावर. आणि दाराला कडी लागताना दिसली की त्याच क्षणी साध्या आवाजात "दार उघडं असू द्या, मला लगेच निघायचंय" म्हणायचं. मी त्या दिवशी संकोचाने गप्प बसले, म्हटलं त्याला अपमान वाटेल. सभ्यपणा आपला घात करतो तो असा.

आता समोरचा तापला तर. माणूस चिडतो तेव्हा एक चढण असते: काहीतरी ठिणगी पडते, मग पारा चढत जातो, मग स्फोट, मग हळूहळू उतार, आणि शेवटी गळून जाणं, रडणं, पश्चात्ताप. चढणीवर असताना बोलण्याचा उपयोग होतो, स्फोटात होत नाही. तिथे फक्त बाहेर पडायचं. पण सगळ्यात फसवा भाग म्हणजे उतार. तो शांत झाल्यासारखा वाटतो, खाली बसतो, आपण सुटकेचा श्वास टाकतो आणि अर्धवट राहिलेला फॉर्म काढतो. शरीरातली खळबळ पूर्ण निवायला तास-दीड तास लागू शकतो असं या विषयाच्या ट्रेनिंगमध्ये शिकवतात, आणि त्या वेळात छोट्याशा शब्दाने दुसरा भडका उडतो. त्यामुळे तो शांत झाला म्हणजे आता निघायची वेळ झाली, फॉर्मची नाही.

चढणीवर काय करायचं हे सांगायला सोपं आणि करायला अवघड. आवाज त्याच्यापेक्षा खाली आणि सावकाश. दोन हातांहून जास्त अंतर, अगदी समोरासमोर न उभं राहता थोडं तिरकं, हात दिसतील असे मोकळे. वाक्यं लहान, कारण रागात माणसाला लांब वाक्य ऐकू जात नाही. "शांत व्हा" हे दोन शब्द तर डिक्शनरीतून काढून टाका, आजवर ते ऐकून कुणी शांत झालेला मी पाहिला नाही. नियम वाचून दाखवायचे नाहीत, कोण बरोबर याचा निकाल लावायचा नाही. "तुम्हाला हे आज असं अचानक कळलं, राग येणारच" एवढं मान्य करायचं, निर्णय मान्य न करता. आणि त्याला काहीतरी निवडू द्यायचं: आत्ता बोलू की उद्या, इथे की ऑफिसात, तुमच्या भावाला बोलावू का. ज्याच्या हातातून सगळं गेलंय त्याला एवढासा ताबा परत मिळाला तरी पारा उतरतो. खोटं आश्वासन मात्र देऊ नका. सुटण्यासाठी "मी निर्णय बदलून घेते" म्हणालात तर पुढच्या भेटीला तुमच्या जागी जो जाईल तो मार खाईल. अर्थात जीवावरच आलं तर जे सुचेल ते बोला आणि बाहेर पडा, तेव्हा तत्त्वं बघायची नाहीत.

सेल्फ डिफेन्सच्या क्लासबद्दल बरेच जण विचारतात. करा, हात सोडवून घेता येणं चांगलंच. पण ऑफिसने एका शनिवारी क्लास ठेवला आणि सेफ्टीचं काम झालं असं समजलं, तर ती जबाबदारी झटकायची युक्ती आहे असं माझं मत. अमेरिकेच्या ओशा या कामगार-सुरक्षेच्या सरकारी संस्थेने आरोग्य आणि समाजसेवेतल्या कामगारांसाठी १९९६ पासून मार्गदर्शिका काढलीय, त्यात ट्रेनिंग हा पाचातला फक्त एक भाग आहे. बाकीचे चार म्हणजे वरिष्ठांनी मनावर घेणं आणि कामगारांना त्यात सामील करणं, धोके कुठे आहेत ते शोधणं, ते कमी करणं, आणि नोंदी ठेवून पुन्हा तपासणं. ती मार्गदर्शिका आहे, सक्तीचा नियम नाही, त्यामुळे किती ऑफिसं ती गुंडाळून ठेवत असतील हे सांगायला नको. पण त्यातला क्रम बघा. आधी दोन दारांची मुलाखतीची खोली, पॅनिक बटण, दोघांनी जाण्याइतकी माणसं, वाजवी केसलोड, मग ट्रेनिंग. एका माणसाकडे दुप्पट केसेस असतील तर वर लिहिलेली फाईल वाचायची आणि फोन करायची सगळी शिस्त पहिल्याच आठवड्यात कोलमडते.

ऑनलाइनचं थोडक्यात. कामाचा नंबर वेगळा, घरचा वेगळा. प्रोफाइल फोटोत घराची पाटी, गाडीचा नंबर, मुलांचा युनिफॉर्म दिसत नाही ना बघा. आजकाल व्हिजिटचा व्हिडिओ काढून नावासकट टाकतात. अशा वेळी कमेंटमध्ये उत्तर देत बसू नका, स्क्रीनशॉट काढून तारखेसकट ऑफिसला द्या, पुढचं काम ऑफिसचं.

आणि आता नोंदीचं, कारण गाडी नेहमी इथेच अडते. कडीच्या प्रसंगानंतर मी तेव्हाच्या सुपरवायझरना सांगितलं तर ते म्हणाले, "अगं काही केलं तर नाही ना त्याने? एवढं मनावर घेऊ नकोस, आपल्या कामात चालायचंच." मी तेव्हा रिपोर्ट भरला नाही. भरला असता तर काय झालं असतं तर त्या माणसाच्या फाईलच्या पहिल्या पानावर एक ओळ आली असती. ती नव्हती, म्हणून दोन महिन्यांनी एक नवी मुलगी त्याच घरी एकटी गेली. तिला काही झालं नाही, नशीब. आपण रिपोर्ट भरत नाही कारण वाटतं की आपल्यालाच म्हणतील नीट हाताळता आलं नाही, किंवा त्या माणसाची दया येते, त्याची केस अजून बिघडेल असं वाटतं, किंवा फॉर्म सहा पानी असतो. फॉर्म एक पानी करा हो. काय झालं, कुठे, त्या दिवशी भेट कशासाठी होती, कोण होतं, पुढे जाणाऱ्याने काय काळजी घ्यावी. पुरे. 'भेट कशासाठी होती' हा रकाना मी मुद्दाम सांगतेय, वर्षभराचे फॉर्म एकत्र ठेवले की कुठले प्रसंग पेटतात ते त्या एका रकान्यातून दिसतं.

न बोललेल्या भीतीचा अजून एक परिणाम आहे आणि तो क्लायंटला भोवतो. घाबरलेला वर्कर त्या घरी जायचं पुढे ढकलतो, गेला तर दारातूनच बोलतो, मूल आत झोपलंय म्हटलं की मानतो, आणि रिपोर्टमध्ये 'परिस्थिती समाधानकारक' लिहितो. तो वाईट माणूस नसतो, घाबरलेला असतो, आणि ते कबूल करायला त्याला जागा नसते. म्हणून टीम मीटिंगमध्ये "कुठल्या घरी जायला पोटात गोळा येतो?" हा प्रश्न सरळ विचारला पाहिजे. उत्तर देणाऱ्याला हसायचं नाही.

घटना घडलीच तर आधी डॉक्टर, मग बाकी सगळं. त्या दिवशी त्या माणसाला एकट्याने गाडी चालवत घरी पाठवू नका. "तू असं का नाही केलंस" हा प्रश्न निदान काही दिवस मनातच ठेवा. आणि सगळ्यांना लगेच गोल बसवून झालेलं सगळं सक्तीने सांगायला लावायची जी पद्धत आहे तिचा फायदा अभ्यासांत दिसलेला नाही, उलट काही जणांचा त्रास वाढलेला दिसला. ज्याला बोलायचंय त्याला ऐकणारा द्या, ज्याला गप्प बसायचंय त्याला बसू द्या, काही आठवड्यांनीही झोप येत नसेल, तेच तेच डोळ्यांसमोर येत असेल तर तज्ज्ञाकडे. पोलिसात जायचं का हे त्याने ठरवावं, पण जायचं ठरवलं तर ऑफिसने सोबत जावं. वर म्हटलेल्या करारात हेही आहे की गंभीर आणि तातडीचा धोका आहे असं वाटण्याला रास्त कारण असेल तर कामगाराला तिथून निघून जाता आलं पाहिजे, आणि त्याबद्दल त्याला शिक्षा होता कामा नये.

त्या कुटुंबाची मदत मात्र बंद होत नाही, जागा आणि माणसं बदलतात. कडी लावणाऱ्या त्या बाबाच्या पुढच्या भेटी ऑफिसात झाल्या, दोन दारांच्या खोलीत, दोघींनी मिळून, आणि पहिल्याच भेटीत आम्ही त्याला स्पष्ट सांगितलं की घरी का येत नाहीये. तो बराच वेळ टेबलाकडे बघत बसला, मग म्हणाला, "मला वाटलं तुम्ही गेलात की परत कुणी येणारच नाही, म्हणून दार लावलं." मी ते फाईलमध्ये जसंच्या तसं लिहिलं, कडीच्या नोंदीच्या खाली. ती नोंद मी तोवर उशिरा का होईना केली होती.